समुद्र (हिंदू पुराणकथांतील प्रतीक)

वैदिक सूक्तांपासून पुराणांपर्यंत आणि तिथून संतवाङ्मयापर्यंत समुद्र हिंदू कल्पनाविश्वात सतत दिसतो. सृष्टीच्या आधीचे पाणी तोच आणि प्रलयानंतर उरणारे पाणीही तोच. त्याला देहधारी देवतेचे रूप आहे, तो नद्यांचा पती आहे, लक्ष्मी व चंद्र यांचा पिता आहे, असुरांना आणि नागांना त्याच्या पोटात घरे आहेत. संसाराला ‘भवसागर’ म्हणताना तो ओलांडायचा अडथळा असतो. परब्रह्माला समुद्राची उपमा देताना तेच पोहोचायचे ठिकाण होते. या सगळ्या अर्थांना एका सूत्रात बसवणे कठीण आहे. तरीही बहुतेक कथांत एक गोष्ट पुन्हा पुन्हा आढळते: समुद्राच्या पोटात गेलेली वस्तू सहसा नष्ट होत नाही. तो ती सांभाळतो, आणि वेळ आली, याचना झाली किंवा बळ लावले गेले, की परत देतो. आग, पर्वत, विष, धनुष्य, नगरी हे सारे त्याच्याकडे ठेव म्हणून गेलेले दिसते.

सृष्टीपूर्वीचे पाणी

ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील नासदीय सूक्त सृष्टीपूर्व अवस्थेचे वर्णन अंधाराने झाकलेला अंधार आणि ‘अप्रकेतं सलिलम्’, म्हणजे कोणतीही खूण नसलेले पाणी, असे करते. याच मंडलातील अघमर्षण सूक्तात क्रम अधिक स्पष्ट आहे. तपातून ऋत, म्हणजे विश्वाचा नियम, आणि सत्य, मग रात्र, रात्रीनंतर ‘समुद्रो अर्णवः’ म्हणजे उसळणारा सागर, आणि त्या सागरातून संवत्सर, म्हणजे काळ. दिवस-रात्रीची मोजणी समुद्रानंतर सुरू होते, ही कल्पना लक्षात ठेवण्याजोगी आहे. संध्यावंदनात हे सूक्त आजही म्हटले जाते. शतपथ ब्राह्मणात आरंभी केवळ पाणीच होते, त्या पाण्याने तप केले आणि त्यातून सोन्याचे अंडे निर्माण झाले, अशी कथा येते.

वैदिक कवींना समुद्राची भीतीही ठाऊक होती. तुग्राचा मुलगा भुज्यू समुद्रात सापडला तेव्हा अश्विनीकुमारांनी त्याला शंभर वल्ह्यांच्या नावेतून परत आणले. जिथे धरायला काही नाही, पाय टेकायला जागा नाही, असा तो समुद्र, हे त्या सूक्तातले वर्णन नेमके आहे. दुसरीकडे चौथ्या मंडलात ‘हृद्य समुद्रा’तून, म्हणजे हृदयातल्या सागरातून, तुपाच्या धारा वाहतात असे म्हटले आहे. समुद्राला अंतःकरणाचे रूपक करण्याची वाट इतकी जुनी आहे.

वरुण

पुढे समुद्राचा अधिपती ठरलेला वरुण ऋग्वेदात प्रामुख्याने ऋताचा रक्षक आणि पापाचे पाश टाकणारा राजा आहे. समुद्रातल्या नावांचा मार्ग त्याला माहीत असतो. अथर्ववेदातील एका सूक्तात दोन समुद्र या वरुणाच्या दोन कुशी आहेत असे सांगून लगेच पुढे म्हटले आहे, की तो या थोड्याशा पाण्यातही लपलेला आहे. सर्वव्यापकतेची कल्पना इतक्या कमी शब्दांत क्वचितच मांडली गेली असेल. त्या सूक्ताचा विषय खोटे बोलणाऱ्यावर असलेली वरुणाची नजर हा आहे. दोन माणसे गुपचूप बसून काही ठरवतात, तेव्हा तिसरा वरुण तिथे असतो. समुद्र आणि साक्ष यांचे नाते इथे जुळते.

महाकाव्यांच्या काळापर्यंत वरुण पश्चिम दिशेचा लोकपाल आणि जलाधिपती झाला. खांडववन जाळण्याच्या प्रसंगी अग्नीने वरुणाकडून गांडीव धनुष्य व अक्षय भाते मागून अर्जुनाला दिले. महाप्रस्थानाच्या वेळी तोच अग्नी पांडवांची वाट अडवून उभा राहतो आणि काम संपले, धनुष्य वरुणाचे वरुणाला दे, असे सांगतो. अर्जुन ते पाण्यात टाकतो. उसनी घेतलेली वस्तू जिथली तिथे पोहोचवल्याखेरीज वीराला पुढचा रस्ता मोकळा होत नाही.

प्रलय आणि शेषशायी

पुराणांतील कालगणनेत कल्पाच्या अखेरीस सगळे एकच पाणी होते. त्याला ‘एकार्णव’ म्हणतात. त्या पाण्यावर शेषाच्या वेटोळ्यांवर विष्णू योगनिद्रेत असतो आणि पुढच्या सृष्टीच्या वेळी त्याच्या नाभीतून उगवलेल्या कमळात ब्रह्मा प्रकट होतो. नाग ‘शेष’ आहे, मागे उरलेला आहे. जग विरघळले तरी पुढच्या जगाचे बीज कुठेतरी राहिलेच पाहिजे, हा यामागचा विचार.

महाभारताच्या वनपर्वात मार्कंडेय ऋषी या एकार्णवात एकटेच भटकतात. थकल्यावर त्यांना वडाच्या फांदीवर एक बालक दिसते. ते बालकाच्या तोंडातून आत शिरतात आणि त्याच्या पोटात नद्या, पर्वत, नगरे, माणसे असे सारे जग जसेच्या तसे पाहतात. मग पुन्हा बाहेर, पुन्हा तेच पाणी. आत भरलेले जग आणि बाहेर रिकामा सागर यांचा हा खेळ समुद्राच्या प्रतीकाचा गाभा आहे: रिकामे वाटणारे पाणी प्रत्यक्षात भरलेले असते, फक्त पाहणारा चुकीच्या बाजूला उभा असतो. मत्स्य आणि वराह या अवतारकथांतही हेच घडते. शतपथ ब्राह्मणातला मासा मनूची नाव उत्तरेच्या पर्वतापर्यंत नेतो, तर वराह पाण्यात बुडालेली पृथ्वी सुळ्यावर उचलून आणतो. पाण्याने पृथ्वी विरघळवलेली नसते, ती तळाशी शाबूत असते.

समुद्रमंथन

समुद्राविषयीची सर्वांत प्रसिद्ध कथा मंथनाची. ती महाभारताच्या आदिपर्वात, रामायणाच्या बालकांडात, विष्णुपुराणात, भागवताच्या आठव्या स्कंधात आणि इतर अनेक पुराणांत येते. तपशील सगळीकडे सारखे नाहीत. मंदर पर्वताची रवी, वासुकीचा दोर आणि एका बाजूला देव, दुसऱ्या बाजूला असुर हा सांगाडा कायम राहतो. तळाला कूर्म असतो.

आदिपर्वातला पाठ जुना आहे आणि त्यात एक वाक्य असे आहे, की जे पुढच्या लोकप्रिय कथनांतून हरवले. देव मंथनाची परवानगी मागतात तेव्हा समुद्र म्हणतो: मलाही त्यातला वाटा मिळावा, मंदराच्या फिरण्याने होणारे घुसळणे मी सोसेन. समुद्र इथे निर्जीव भांडे नाही. तो आपली अट घालतो. पुढे अमृतासाठी देव आणि दानव यांच्यात युद्ध होते, मोहिनी येते, राहूचे शिर उडते, पण समुद्राच्या वाट्याची आठवण कोणालाच राहत नाही.

याच पाठात समुद्र मुळात खारा आहे. मंदर फिरू लागल्यावर त्यावरची झाडे घासून पेट घेतात, इंद्र पाऊस पाडून ती आग विझवतो, वनस्पतींचे रस आणि वितळलेले सोने पाण्यात उतरतात, त्यांच्यामुळे पाण्याचे दूध होते आणि दुधाचे तूप. पुराणांत मात्र क्षीरसागर आधीच तयार असतो. पहिल्या कल्पनेत अमृत श्रमातून घडते, दुसरीत ते तिथे असतेच आणि वर काढायचे असते. प्रतीकाच्या दृष्टीने हा फरक मोठा आहे, आणि पहिली कल्पना अधिक सखोल आहे असे म्हणावेसे वाटते: पर्वत झिजतो, जंगल जळते, साप धूर ओकतो, तेव्हा खाऱ्या पाण्याला गोडी येते.

विष्णुपुराणात मंथनाचे कारण दुर्वासाचा शाप आहे. इंद्राने त्याची माळ ऐरावताच्या मस्तकावर टाकली, हत्तीने ती जमिनीवर फेकली आणि तिन्ही लोकांतून श्री निघून गेली. त्यामुळे या पुराणात मंथनाचा कळस अमृतापेक्षाही लक्ष्मीच्या प्रकट होण्यात आहे. ती कमळात उभी राहून वर येते, दिग्गज तिला स्नान घालतात आणि क्षीरसागर स्वतः देह धारण करून तिला न कोमेजणाऱ्या कमळांची माळ देतो. पित्याने मुलीची पाठवणी करावी तसा हा प्रसंग आहे. लक्ष्मी भृगूची कन्या होती आणि आता समुद्राची झाली, असे पुराण सांगते. हरवलेले ऐश्वर्य समुद्रात जपले गेले होते आणि तिथूनच परतले.

विषाबद्दल एकमत नाही. भागवतात हालाहल आधी निघते आणि शिव ते पिऊन नीलकंठ होतो. विष्णुपुराणात ते नाग घेतात. बाहेर पडलेल्या रत्नांची संख्याही आरंभी ठरलेली नव्हती. महाभारतात चंद्र, श्री, सुरा, पांढरा घोडा, कौस्तुभ आणि अमृताचे पात्र घेतलेला धन्वंतरी अशी मोजकी नावे आहेत. चौदा ही संख्या नंतर रूढ झाली. मराठी लग्नांत म्हटल्या जाणाऱ्या ‘लक्ष्मीः कौस्तुभपारिजातकसुरा’ या मंगलाष्टकात ती १४ रत्ने ओळीने येतात आणि त्या यादीत विषही आहे. वधूवरांचे मंगल करा अशी प्रार्थना ज्यांना केली जाते, त्यांतून हालाहल वगळलेले नाही. काही पुराणांत लक्ष्मीच्या आधी ज्येष्ठा किंवा अलक्ष्मी बाहेर पडते. एकाच पोटातून दोघी आल्या, म्हणून त्या बहिणी.

समुद्राच्या बाजूने ही कथा सांगणारे पात्रही पुराणांनी निर्माण केले. शिवाच्या तिसऱ्या डोळ्यातील तेज समुद्रात पडले आणि त्यातून जालंधर जन्मला. समुद्राने त्याला मुलगा म्हणून वाढवले. शिवपुराणात तो मोठा झाल्यावर शिर नसलेल्या राहूला पाहून कारण विचारतो आणि मंथनाची हकिकत ऐकून संतापतो. माझ्या पित्याला पर्वताने का घुसळले, त्याची रत्ने परत करा, असा निरोप तो इंद्राला पाठवतो. इंद्राचे उत्तर अत्यंत सूचक आहे: मला भिऊन पळालेले पर्वत आणि माझे शत्रू असुर यांना समुद्राने पोटात आसरा दिला, म्हणून मी त्याची रत्ने घेतली. आसरा देणे हाच समुद्राचा गुन्हा ठरतो.

पोटात घेतलेले

इंद्राचा आरोप खोटा नाही. पूर्वी पर्वतांना पंख होते आणि इंद्र ते छाटत सुटला, तेव्हा मैनाक समुद्रात लपला. सुंदरकांडात हनुमान लंकेकडे झेप घेतो, तेव्हा समुद्रच मैनाकाला वर येऊन विसावा द्यायला सांगतो. इक्ष्वाकू कुळातल्या सगराने मला वाढवले, त्या कुळाच्या कामाला मदत केली पाहिजे, हे त्याचे कारण. वृत्राच्या वधानंतर कालकेय असुरही समुद्रात शिरले. ते रात्री बाहेर पडून आश्रमांतल्या ऋषींना मारत आणि दिवसा पाण्यात दिसेनासे होत. शेवटी अगस्त्याने समुद्र पिऊन टाकला आणि देवांनी त्यांना गाठले. पाणी परत सोडा म्हटल्यावर अगस्त्य म्हणाला, ते तर पचले. वनपर्वात ही कथा थेट भगीरथाच्या कथेला जोडली आहे: कोरडा पडलेला समुद्र गंगा भरून काढते, आणि त्याच वाटेने कपिलाच्या क्रोधाने भस्म झालेल्या सगराच्या ६०,००० पुत्रांचा उद्धार होतो. गंगा जिथे सागराला मिळते त्या गंगासागर बेटावर मकरसंक्रांतीला मोठी यात्रा भरते. तिथे कपिलमुनींचे मंदिर आहे.

सर्वांत विलक्षण ठेव वडवानलाची, म्हणजे समुद्रातल्या आगीची. भृगुकुळाच्या संहाराने पेटलेला और्व ऋषी सगळे लोक जाळायला निघतो. पितर त्याला समजावतात, पण त्याचा प्रश्न अडचणीचा आहे: हा क्रोध गिळला तर तो मलाच जाळेल. तेव्हा तो अग्नी समुद्रात सोडण्याचा तोडगा निघतो. तिथे तो घोडीच्या मुखाचे रूप घेऊन पाणी पीत राहतो. सगळ्या नद्या येऊन मिळतात तरी समुद्र का भरून वाहत नाही, याचे उत्तर इथे मिळते. आणि युगान्ती जग जाळायला आग कुठून येते, याचेही. शिवपुराणात मदनाला जाळणारा शिवाच्या नेत्रातला अग्नीही असाच समुद्राच्या स्वाधीन केला जातो. विझवता येत नाही आणि मोकळाही सोडता येत नाही अशा क्रोधाचे काय करायचे, या प्रश्नाला भारतीय पुराणकथेने दिलेले हे उत्तर फार मोलाचे आहे. पाणी आणि आग एकमेकांना बांधून ठेवतात, कोणीच जिंकत नाही, आणि जग चालू राहते.

मर्यादा

समुद्राचा नैतिक अर्थ त्याच्या वेलेत, म्हणजे किनाऱ्याच्या रेषेत आहे. एवढा बलाढ्य असूनही तो ती ओलांडत नाही. बालकांडाच्या आरंभीच नारद रामाचे वर्णन ‘समुद्र इव गाम्भीर्ये’ असे करतो. युद्धकांडात हाच राम दर्भावर झोपून तीन रात्री समुद्राची प्रार्थना करतो, समुद्र येत नाही, आणि राम धनुष्य उचलतो. मग प्रकट झालेला सागर हात जोडून जे बोलतो ते शरणागतीपेक्षा जास्त काही आहे. पृथ्वी, वायू, आकाश, पाणी, तेज आपापल्या स्वभावात राहतात. अथांग आणि अनुल्लंघ्य असणे हा माझा स्वभाव आहे, उथळ होणे हा विकार ठरेल. म्हणून तो आटत नाही, बाजूलाही होत नाही. नल सेतू बांधेल आणि मी तो धरून ठेवीन, एवढे तो कबूल करतो. वाल्मीकी रामायणात वानर पाच दिवसांत अनुक्रमे १४, २०, २१, २२ आणि २३ योजने बांधून १०० योजनांचा सेतू पुरा करतात. मर्यादापुरुषोत्तम आणि मर्यादा पाळणारा सागर समोरासमोर येतात आणि तोडगा दोघांचाही स्वभाव राखून निघतो.

जमीन देणे-घेणे हाही या मर्यादेचाच भाग. विष्णुपुराणात कृष्ण द्वारकेसाठी समुद्राकडे १२ योजने जागा मागतो. यादवांच्या अंतानंतर समुद्र ती परत घेतो, फक्त कृष्णाचे मंदिर तेवढे सोडतो. शांतिपर्वात क्षत्रियसंहारानंतर जिंकलेली पृथ्वी दान करून बसलेल्या परशुरामासाठी समुद्र शूर्पारक देश, म्हणजे अपरान्त, मोकळा करून देतो. शूर्पारक म्हणजे आजचे नालासोपारा. परशुरामाने बाण मारून समुद्र मागे हटवला आणि कोकण निर्माण झाले, ही लोकप्रिय कथा याच सूत्राचा विस्तार आहे; केरळात बाणाऐवजी परशू येतो.

सात समुद्र

पुराणांच्या भूगोलात सात द्वीपांभोवती सात समुद्र आहेत: मीठ, उसाचा रस, मद्य, तूप, दही, दूध आणि गोडे पाणी यांचे. भागवतात हे समुद्र प्रियव्रत राजाच्या रथाच्या चाकोऱ्यांतून झाले असे सांगितले आहे, आणि दूध व दही यांचा क्रमही तिथे उलटा आहे. यात निरीक्षणाचा अंशही आहे. विष्णुपुराण भरती-ओहोटी समजावताना म्हणते, की चुलीवरच्या भांड्यातले पाणी तापून फुगावे तसे चंद्राच्या वाढीबरोबर समुद्राचे पाणी चढते. त्यात भर पडत नाही की घट होत नाही. ही चढउतार ते ५१० अंगुळे सांगते.

लाट आणि पाणी

उपनिषदांत समुद्र कथेतून विचारात येतो. मुंडकोपनिषद म्हणते, वाहणाऱ्या नद्या नाव आणि रूप सोडून समुद्रात अस्ताला जातात, तसा ज्ञानी परमपुरुषाला मिळतो. छांदोग्यात उद्दालक श्वेतकेतूला हेच सांगतो: समुद्रात गेल्यावर ‘ही मी’ असे नद्यांना कळत नाही. गीतेच्या दुसऱ्या अध्यायात प्रतिमेची दिशा बदलते. तिथे समुद्र म्हणजे स्थितप्रज्ञ, आणि नद्या म्हणजे त्याच्यात शिरणारे विषय. पाणी येत राहते, तो अचल राहतो. ज्ञानेश्वरांनी या श्लोकावर लिहिताना मुळात नसलेली एक बाजू जोडली. उन्हाळ्यात नद्या आटून जातात तरी समुद्र उणा होत नाही, असे ते म्हणतात. मिळाल्याने न वाढणे गीतेत होते. न मिळाल्याने न घटणे ज्ञानेश्वरीने पुरे केले, आणि उपमा दोन्ही बाजूंनी भक्कम झाली.

भक्तांना नदीचे पूर्ण विरघळणे सहज मान्य होत नाही. शंकराचार्यांच्या नावावर असलेल्या षट्पदी स्तोत्रात म्हटले आहे: भेद गेला तरी हे नाथ, मी तुझा आहे, तू माझा नाहीस, लाट समुद्राची असते, समुद्र कधी लाटेचा नसतो. अद्वैताच्या आत भक्तीला जागा करून देणारी याहून नेमकी ओळ शोधणे अवघड आहे.

शिल्प आणि आचार

मध्य प्रदेशात विदिशेजवळच्या उदयगिरी येथील गुप्तकालीन वराहशिल्पात लाटांच्या रेषांनी भरलेल्या भिंतीपुढे विशाल वराह पृथ्वीला उचलतो. बाजूला मकरावरची गंगा आणि कासवावरची यमुना समुद्राला मिळताना कोरल्या आहेत. उत्तर प्रदेशातील देवगढच्या दशावतार मंदिरातील शेषशायी, महाबलिपुरमच्या महिषमर्दिनी गुहेतील अनंतशयन आणि काठमांडूजवळ बुढानीलकंठ येथे प्रत्यक्ष पाण्यात पहुडलेली विष्णुमूर्ती ही शेषशायीची ठळक उदाहरणे. मंथनाचे सर्वांत भव्य शिल्प भारताबाहेर, कंबोडियातील बाराव्या शतकातल्या अंगकोर वाटमध्ये आहे. त्याची लांबी जवळजवळ ५० मीटर आहे.

आचारात समुद्राविषयी ओढ आणि अंतर दोन्ही दिसतात. सकाळी जमिनीवर पाय ठेवण्यापूर्वीच्या श्लोकात पृथ्वी ‘समुद्रवसना’, समुद्राचे वस्त्र ल्यालेली, असते. दुसरीकडे बौधायन धर्मसूत्राने पतनीय, म्हणजे माणसाला पतित करणाऱ्या, कर्मांत समुद्रसंयान, म्हणजे समुद्रप्रवास, मोजला. पण उत्तरेकडच्या लोकांची ती रूढी आहे अशी नोंदही त्याच ग्रंथात आहे. पुढे कलिवर्ज्यांच्या, म्हणजे कलियुगात टाळायच्या गोष्टींच्या, यादीत समुद्रयात्रा कायम झाली. कोकणातल्या कोळी समाजाला हा निषेध लागू पडणे शक्यच नव्हते. श्रावणातल्या नारळी पौर्णिमेला ते समुद्राला नारळ अर्पण करतात आणि पावसाळ्यात बंद ठेवलेली होडी पुन्हा पाण्यात लोटतात.

पुरीला हे नाते घरचे होते. जगन्नाथाची मूर्ती ज्या लाकडातून घडली ते समुद्रातून वाहत आले अशी श्रद्धा आहे, आणि लक्ष्मीमुळे महोदधी, म्हणजे समुद्र, देवाचा सासरा लागतो. तरीही त्याच्यावर पहारा आहे: समुद्राने शहरात शिरू नये म्हणून किनाऱ्याजवळ हनुमानाला नेमले, आणि तो जागा सोडून जातो म्हणून त्याला बेड्या घातल्या, अशी तिथल्या बेडी हनुमान मंदिराची कथा आहे.